जुन्या व्हिडिओ गेममधलं ‘रिजन लॉक’ म्हणजे काय?

वाशीममध्ये कुणाच्या घरी माळ्यावर दादाचा जुना व्हिडिओ गेम आणि फुंकर मारून लावायची कॅसेट अजून सापडेल. ती कॅसेट अमेरिकेहून आणलेल्या निन्टेन्डोच्या एनईएसवर चालेल का? थेट नाही. कारणं तीन:

पिना: आपल्याकडचे बहुतेक स्वस्त गेम म्हणजे १९८३ च्या जपानी ‘फॅमिकॉम’ची नक्कल. त्याच्या कॅसेटला ६० पिना, १९८५ मध्ये अमेरिकेत आलेल्या एनईएसच्या कॅसेटला ७२.

लॉक चिप: एनईएसमध्ये एक चिप, कॅसेटमध्ये दुसरी. दोघींचं जुळलं नाही, तर मशीन सारखं रिसेट होतं. फॅमिकॉममध्ये हे लॉक नव्हतंच.

टीव्ही सिग्नल: अमेरिकेत एनटीएससी, ६० हर्ट्झ, भारतात पाल, ५० हर्ट्झ. जुन्या टीव्हीवर चित्र काळं-पांढरं दिसू शकतं किंवा सरकत राहतं.

उपाय: लॉक चिप असलेला ‘६० ते ७२ पिन’ कन्व्हर्टर वापरा.

सावधान! अमेरिकन अडॅप्टर १२० व्होल्टचा असतो. आपल्या २३० व्होल्टच्या प्लगमध्ये थेट लावलात, तर तो जळेल. म्हणून स्टेप-डाउन ट्रान्सफॉर्मर आधी घ्या, कन्व्हर्टर नंतर.