‘मेकिंग’चं घराणं

अंधेरीच्या सेटवर मुख्य कॅमेऱ्याच्या आसपास आणखी एक छोटा कॅमेरा फिरत असतो. तो ‘मेकिंग’वाल्याचा, म्हणजे चित्रीकरणाचंच चित्रण करणाऱ्याचा. या घराण्याचे मूळपुरुष दादासाहेब फाळके.

1912 मध्ये फाळक्यांनी कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाचं रोज थोडं थोडं चित्रण केलं. ‘अंकुराची वाढ’ ही फिल्म तिकीट लावून दाखवायची नव्हती. भांडवल देणाऱ्यांना या यंत्राची करामत पटवायची होती. पैसे मिळाले आणि 1913 मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला. 1917 मध्ये त्यांनी कॅमेरा स्वतःच्याच कामावर रोखला आणि चित्रपट कसे तयार होतात, हे पडद्यावर दाखवलं. प्रेक्षकांना दिसलं ते कसब. त्यामागे गहाण पडलेली विमा पॉलिसी होती, पत्नी सरस्वतीबाईंचे दागिने होते.

पुढे भागीदारांशी बिनसलं. फाळके काशीला गेले आणि तिथे ‘रंगभूमी’ नाटक लिहून त्यांनी नाट्यधंद्याची हजेरी घेतली. कौतुकाची शाखा आणि झाडाझडतीची शाखा, दोन्ही एकाच बुंध्याला फुटल्या.

उपनगरात हे घराणं आलं ते मालाडला. 1934 मध्ये तिथे ‘बॉम्बे टॉकीज’ ही चित्रपटसंस्था उभी राहिली. तिचा जर्मन छायालेखक योझेफ विर्शिंग चित्रीकरणाच्या अधल्यामधल्या वेळातही फोटो टिपत असे. 1939 मध्ये युद्ध सुरू झालं आणि इंग्रजांनी त्याला स्थानबद्ध केलं. कुटुंबाने जपलेले ते फोटो अलीकडे प्रदर्शनांतून लोकांसमोर आले.

उपग्रह वाहिन्या आल्या तशी कौतुकाची शाखा फोफावली. वाहिन्यांना वेळ भरायचा होता, निर्मात्यांना जाहिरात हवी होती. मेकिंगमध्ये नायकाची दुखापत दिसते, नायिकेची थट्टा दिसते. मालिकेतल्या कलाकाराला नव्वद दिवसांनी मिळणारं मानधन मात्र दिसत नाही.

झाडाझडतीची शाखा बाहेरच्यांनी जगवली. सावित्री मेधातुल आणि भूषण कोरगावकर यांच्या ‘नटले तुमच्यासाठी’ (2008) या माहितीपटाने लावणी कलावंतांचं फडाबाहेरचं जगणं दाखवलं. रुद्रदीप भट्टाचार्जींच्या ‘द ह्यूमन फॅक्टर’ (2012) या माहितीपटाने कावस, केरसी आणि बुर्जोर लॉर्ड या वादकांना समोर आणलं. हिंदी गाण्यांत त्यांची वाद्यं घरोघरी ऐकली गेली, नावं फारशी कुणाला ठाऊक नव्हती.

मेकिंगचा खर्च निर्माता करतो, म्हणून त्यात हिशेबाची वही येत नाही. पडद्यामागचं काही पाहायला बसलात, तर आधी पैसे कुणाचे ते बघा; काय गाळलं असेल, याचा अंदाज तिथेच येतो.