टूनरव्हिलची ट्रॉली

आमच्या गावाला रेल्वेस्टेशन होते. पण गावाचे आणि स्टेशनचे फारसे पटत नसावे. दोघांत तीन मैलांचे अंतर, आणि ते तोडायला एकच टांगा. त्याचे वेळापत्रक ठरलेले : गाडी सुटली की टांगा पोचलाच म्हणून समजा! त्यामुळे आलेली प्रत्येक आगगाडी गाठणारी ट्रॉली जगात होती, हे वाचून मी थक्कच झालो.

ही ट्रॉली टूनरव्हिलची. गाव नकाशात शोधू नका. ते फॉन्टेन फॉक्स या अमेरिकन व्यंगचित्रकाराने कागदावर वसवलेले. वर्तमानपत्रांतल्या त्याच्या चित्रमालेतून ते घरोघरी पोचले. १९२० च्या सुमारास फिलाडेल्फियाजवळच्या बेट्झवुड स्टुडिओने त्यावर छोटे मूकपट काढायला घेतले आणि पाहतापाहता सतरा केले.

ट्रॉलीचा म्हातारा चालक, म्हणजे ‘स्किपर’, झाला डॅन मेसन हा रंगभूमीवर मुरलेला नट. धिप्पाड कॅट्रिन्का झाली विल्ना हर्वी. उंची सहा फूट तीन इंच! ट्रॉली रुळांवरून घसरली तर उचलून परत ठेवायला कॅट्रिन्का आहेच. मेकॅनिक नको, अर्ज नको. आमच्या टांग्याचे चाक चिखलात रुतले की उतारूच खाली उतरून ढकलत, आणि भाडे मात्र पुरते मोजत.

पण हसता हसता एक आकडा घशात अडकतो. सतरांपैकी सातच चित्रपट आज उरले आहेत. त्या काळची नायट्रेटची फिल्म पेटायची तरी, नाहीतर डब्यात कुजायची तरी. आपल्या दादासाहेब फाळक्यांनीही ‘पिठाचे पंजे’सारखी छोटी विनोदी चित्रे काढली, त्यांच्या एकूण कामातलेही थोडेच आपल्या हाती लागले. देवादिकांची रिळे जिथे टिकली नाहीत, तिथे थट्टेमस्करीला कोण जपणार?

पडद्यावरची ट्रॉली थांबली, पण एक सोबत टिकली. विल्नाची डॅनच्या मुलीशी, नॅनशी, गट्टी जमली. पुढे दोघी चित्रकार झाल्या आणि न्यूयॉर्क राज्यातल्या वुडस्टॉकजवळ अर्धशतकाहून अधिक काळ एकत्र राहिल्या.

आमचा टांगा केव्हाच मोडीत गेला. त्याचे एकही रीळ नाही, साधा फोटोही नाही. म्हणून टूनरव्हिलची ती सात रिळकुटे बघताना मला उगाच वाटत राहते, की पुढच्या वळणावर आमचा टांगेवाला दिसेल; नेहमीसारखाच उशिरा, पण येईल.