देवळालीचा बंगला आणि लिलावातली खुर्ची

विकाऊ घर रिकामे न दाखविता, काही दिवसांपुरते फर्निचर मांडून दाखविण्याचा ‘होम स्टेजिंग’ हा व्यवसाय अमेरिकेत १९७० च्या दशकात उदयास आला. सामान मिळविण्याचे त्याचे मार्ग ठरलेले : स्वतःचे गोदाम, भाडे किंवा जुना बाजार. यांपैकी शेवटचे दोन नाशिकजवळच्या देवळालीसारख्या छावण्यांच्या फार जुन्या परिचयाचे आहेत.

१८६१ पासून देवळाली हा ब्रिटिश फौजेचा संक्रमण तळ होता. मायदेशी जाणारे सैनिक येथे जहाजाची वाट पाहत. जहाजे मुख्यतः हिवाळ्यात सुटत. मुदत आधी संपली तर महिनोन्महिने मुक्काम पडे. वेड लागल्याच्या अर्थाचा इंग्रजीतील ‘डूलॅली’ हा शब्द याच गावाच्या नावावरून आला.

सैनिकाला बराकीत खाट मिळे. अधिकाऱ्याच्या वाट्याला मात्र बहुधा रिकामा बंगला येई. मागून आणावे, तर गावातील वाड्यांत खुर्च्या-टेबले कुठली? तेथे गादी, लोड, तक्के, पाट, चौरंग. बाकीचे भिंतीतल्या फडताळात. शिवाय बदली डोक्यावर टांगलेली. सागवानी कपाटे मुलूखभर हिंडवण्यापेक्षा दुकानदाराकडून भाड्याने आणणे किंवा लिलावात घेणे सोयीचे पडे.

लिलाव बदली झालेल्याचा असे, निवृत्ताचा असे, मृताचाही असे. अधिकारी वारला की त्याचे देणेघेणे मिटविण्यास सहकाऱ्यांचीच समिती बसे. सामान विकून कर्ज फेडायचे, उरलेली रक्कम वारसांना धाडायची. खरेदीदारही बहुधा छावणीतलेच. ज्या टेबलावर गेल्या महिन्यात मित्राबरोबर जेवण झाले, त्याच टेबलावर बोली लावण्याची वेळ येई. आणि ते घेणाऱ्याची बदली झाली की टेबल पुन्हा लिलावात.

ज्यांना ही यातायात नको, त्यांच्यासाठी घडीचे फर्निचर होते. रुरकीच्या लष्करी अभियंत्यांच्या नावाने ओळखली जाणारी ‘रुरकी खुर्ची’ अवजारांविना सुटी होई आणि गुंडाळून नेता येई. डॅनिश रचनाकार कोरे क्लिंट यांनी १९३३ मध्ये तिच्यावरूनच आपली ‘सफारी’ खुर्ची बेतली. छावणीच्या गैरसोयीतून निघालेली ही वस्तू युरोपातील दिवाणखान्यांत प्रतिष्ठेने जाऊन बसली, हे विशेषच.

पुढे लष्कराच्या अभियांत्रिकी खात्यानेच अधिकाऱ्यांना भाड्याने फर्निचर देण्याची पद्धत रूढ झाली. खाट, कपाट, खुर्ची यांची यादी करून ताबा द्यायचा आणि घर सोडताना त्याच यादीवरून एकेक वस्तू मोजून परत घ्यायची.