चिमणरावांची फजिती

पडद्यावरच्या माणसाची फजिती होते आणि अंग चोरून आपण बसतो. चॅनेल मात्र बदलवत नाही. या विनोदाला हल्ली ‘क्रिंज’ म्हणतात आणि श्रेय देतात ‘द ऑफिस’ या २००१ च्या ब्रिटिश मालिकेतल्या डेव्हिड ब्रेंटला. ब्रेंटशी काही नातं नसलेलं, पण याच जातीचं मराठी घराणं त्याहून जुनं आहे.

मूळपुरुष श्रीपाद कृष्ण कोल्हटकर. त्यांच्या विनोदी लेखांतला सुदामा आपल्याच तोंडानं स्वतःचं हसं करून घेई, पण नेम असे रूढींवर. बडोद्याला पाली शिकवणाऱ्या चिं. वि. जोशींनी हा विनोद घरात आणला. १९३३ च्या ‘चिमणरावाचे चऱ्हाट’मधले चिमणराव जोग म्हणजे पुण्यातले साधे कारकून, बायको काऊ, पोरंबाळं, शिवाय मदतीला धावून घोटाळा दुप्पट करणारा सोटेवाला गुंड्याभाऊ. इथे फजितीला सुधारणेचं कारण लागत नाही. आणि ती सांगतात स्वतः चिमणराव, सगळं निस्तरून झाल्यावर. त्यामुळे वाचक बिनघोर हसतो.

१९४२ च्या ‘सरकारी पाहुणे’ चित्रपटात दामूअण्णा मालवणकर चिमणराव झाले. पण खरा फरक पडला सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात, मुंबई दूरदर्शनवरच्या मालिकेत. दिलीप प्रभावळकर चिमणराव, बाळ कर्वे गुंड्याभाऊ. आता सांगणारा गेला, उरला चेहरा. तोंडातच अडकलेला शब्द, काऊकडे गेलेली चोरटी नजर. फजिती आपल्यासमोर घडतेय आणि ती आवरायला कुणी नाही. ओशाळं व्हायची पाळी प्रेक्षकावर आली ती इथे. तेव्हा दूरदर्शन मुंबई-पुण्याबाहेर फारसं दिसत नसे. जळगाव-धुळ्याच्या वाचकाला चिमणराव भेटले ते व. वा. वाचनालय नाहीतर गरुड वाचनालयाच्या कपाटात, म्हणजे बिनधोक अवतारात.

पुढची गंमत अशी की, ब्रेंट आला त्याच २००१ मध्ये प्रभावळकर ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही मालिका घेऊन आले, आपल्याच ‘अनुदिनी’ या पुस्तकावरून. टिपऱ्यांच्या घरातही फजिती रोजचीच. पण घरचे आजोबा, म्हणजे आबा, डायरी लिहितात, सांगणारा परत येतो आणि काटा बोथट होतो. ब्रेंटच्या कॅमेऱ्यानं असा सांगणारा ठेवला नाही. टिपरे केबलवरून खानदेशातही घरोघरी पोचले. मला स्वतःला आबा आवडतात, पण धाडस चिमणरावांचं मोठं होतं.