दहावा कोण?

दहा जण नदी उतरून पलीकडे गेले. कोणी वाहून तर गेले नाही ना, म्हणून एकाने मोजायला सुरुवात केली. भरले नऊच! दुसऱ्याने मोजले, तरी नऊच. कारण मोजणारा दर वेळी स्वतःला विसरत होता. मग सगळे मिळून बुडालेल्या दहाव्यासाठी गळा काढून रडू लागले.

लोणी देवकरच्या वर्गात हा विनोद सांगायचा तर नदी अर्थातच भीमा होईल (उजनीच्या फुगवट्यात ती पायी उतरायची सोय राहिलेली नाही, ते सोडा), आणि ते दहा शहाणे शेजारच्या गावचे होतील. विनोदात मूर्खांचे गाव नेहमी शेजारचेच असते. इंग्लंडमध्ये ते गॉथम आहे. सोळाव्या शतकातील एका पुस्तकात गॉथमचे बारा जण मासे धरायला जातात आणि परतताना अकराच मोजतात. एक वाटसरू पैसे ठरवून घेतो, प्रत्येकाच्या पाठीवर चाबूक ओढतो आणि बारावा काढून दाखवतो. बेस्की या इटालियन धर्मोपदेशकाने अठराव्या शतकात तमिळमध्ये लिहिलेल्या परमार्थ गुरूच्या कथांत गुरू आणि त्याचे पाच शिष्य असेच फसतात. तिथेही मोजणी होते ती मार देऊनच.

लोककथांचे अभ्यासक अशा कथांना क्रमांक देतात. आन्टी आर्ने या फिनिश अभ्यासकाने 1910 साली सुरू केलेल्या आणि पुढे इतरांनी वाढवलेल्या सूचीत 1200 ते 1999 हे क्रमांक विनोदी कथांचे आहेत. आपल्या गोष्टीचा क्रमांक 1287. सांगाडा तोच राहतो. आकडा, नदी आणि मुख्य म्हणजे कोणाला हसायचे, तेवढे बदलते. गावाच्या जागी एखादी जात, एखादा समाज सहज बसतो. त्या समाजाचे मूल त्याच बाकावर बसलेले असते, तेही कसनुसे हसते. आपण शिक्षकही कधीकधी असे विनोद सांगतो.

आता गंमत पाहा. हाच दृष्टान्त आठव्या शतकात शंकराचार्यांच्या ‘उपदेशसाहस्री’त आहे, चौदाव्या शतकातील ‘पंचदशी’तही आहे. म्हणजे गॉथमच्या पुस्तकापेक्षा कितीतरी जुना. तिथे चाबूक नाही. वाटसरू मोजणाऱ्याला एवढेच सांगतो, की दहावा तूच आहेस. ज्याचा शोध चालला आहे तो शोधणाराच आहे, हे वेदान्ताला सांगायचे आहे. त्यासाठी निवडला मात्र एक विनोद, आणि त्यात हसायचे ते ऐकणाऱ्याने स्वतःलाच!

वर्गात करून पाहण्याजोगे आहे. दहा मुलांना उभे करून प्रत्येकाला मोजायला लावावे. मग गोष्ट दोनदा सांगावी. एकदा शेजारच्या गावाची म्हणून, एकदा आपल्या सहलीची म्हणून. दुसऱ्या वेळी मोजणारे गुरुजीच असावेत. कोणत्या वेळी मुले जास्त हसतात, ते टिपून ठेवावे.