दवंडीच्या आधी

दिवाळीची साफसफाई सुरू झाली, की सोनईच्या आमच्या घरात माळ्यावरची पत्र्याची पेटी खाली उतरते, आणि तिच्याबरोबर आजीने सांगितलेली एक गोष्टही. गोष्ट तिच्या सासऱ्यांची, १८७५ च्या दंग्याआधीची. सावकाराने खतावर दावा लावला. समन्स घरात कुणाला वाचता आले नाही. हुकूमनामा एकतर्फी झाला.

"मग वरच्या कोर्टात का नाही गेले?" मी विचारी.

"मामंजी गेले होते रे नगरला," आजी म्हणे. "पण अपील तिकडं राहिलं, नि इकडं वेशीत दवंडी पिटली. शेत लिलावात गेलं."

आजीला अक्षर येत नव्हते. पण वकिलाने अशिलाला पहिल्या दिवशी सांगावी ती गोष्ट तिला ठाऊक होती. नुसत्या अपिलाने हुकूमनाम्याची बजावणी थांबत नाही. १८५९ च्या दिवाणी संहितेत हेच होते, आणि १९०८ च्या संहितेत ते आजही आहे. तहकुबी वेगळी मागावी लागते. भारी नुकसान होईल हे पटवायचे, विनाकारण उशीर करायचा नाही, आणि पुढे निकाल उलटा गेलाच तर तो पाळू म्हणून जामीन द्यायचा. पैसा नाही म्हणून ज्याच्यावर दावा झाला, त्यानेच जामीन शोधायचा! नगर दहा-बारा कोसांवर, तेव्हा आगगाडी नाही. आणि १८६२ साली स्थापन झालेले उच्च न्यायालय तर थेट मुंबईत.

१२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी वणवा पेटला आणि आमच्या जिल्ह्यात पारनेर, श्रीगोंद्याकडेही पोचला. दंगेखोरांना हवी होती ती सावकारांकडची खते आणि हुकूमनामे. हाती लागतील ते त्यांनी जाळले. कोर्टाकडून न मिळालेली तहकुबी कुणब्याने आगकाडीने घेतली, असेच मला वाटते.

सरकारने चौकशी मंडळ नेमले, आणि १८७९ साली पुणे, सातारा, सोलापूर व नगर या चार जिल्ह्यांसाठी दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा झाला. न्यायाधीशाने कर्जाचा इतिहास मुळापासून तपासावा, पैशाच्या हुकूमनाम्यापायी शेतकऱ्याला तुरुंगात घालू नये, खास गहाण न दिलेली जमीन जप्त करू नये, असे त्यात ठरले. गंमत अशी, की या दाव्यांत अपिलाची वाट बंद झाली. पण वरिष्ठ न्यायाधीशाने आपण होऊन कागद मागवावेत आणि चूक दुरुस्त करावी, अशी सोय झाली. महादेव गोविंद रानडे याच कायद्याखाली स्पेशल जज्ज होते. १८९३ साली ते उच्च न्यायालयात गेले. शेतकरी वर जाऊ शकत नव्हता, म्हणून वरचे कोर्ट खाली आले.

सावकारही स्वस्थ बसले नाहीत; गहाणखताऐवजी खरेदीखते लिहून घेऊ लागले. कायदा एक दार लावी, तर ते दुसरे शोधीत. तरी दवंडीच्या आधी कुणीतरी कागद पाहील, एवढी आशा गावात आली, हे थोडे नव्हे.

असो. पेटी पुसून मी पुन्हा माळ्यावर ठेवतो. पण आजही आमच्या ओट्यावर कुणी जमिनीच्या निकालाचा कागद घेऊन आला, की चहाच्याही आधी मी विचारतो, "अपील केलंत, ठीक. तहकुबी मागितलीत का?"