पवारांची सुशीला

टांगा दौलतगंजच्या तोंडाशी थांबतो. साल 1941. तुमच्या खिशातली नाणी इथे चालायची नाहीत, तेव्हा मुकाट उतरा आणि गर्दीत मिसळा.

ग्वाल्हेरचं लष्कर म्हणजे दौलतराव शिंद्यांची छावणी. 1810 च्या सुमारास पडली, ती पुन्हा उठलीच नाही. तंबूंच्या जागी वाडे आले आणि वाड्यांत मराठी टिकली, थोडी हिंदीची फोडणी बसलेली. वरच्या माडीवर कुणी तानपुरा लावतंय. ख्यालाचं गाव हे. इथे तान चुकली तर रस्त्यावरचा माणूसही मान वर करतो. कलेची कदर आम्हाला शिकवू नका, असा इथला तोरा.

पण आज ओसरीवर बोलणं गाण्याचं नाही.

"पाहिलात का 'सिकंदर'?"

"नाव काढू नका. कर्नल पवारांची मुलगी ती!"

"पाटीवर वनमाला लिहिलंय, भाऊसाहेब."

"लिहू देत. अपन तर सुशीलाच म्हणणार."

तुम्ही ऐकत उभे राहता. बापूराव पवार शिंदे सरकारातले बडे अधिकारी. मुलगी बी.ए. झाली, पुण्यात आचार्य अत्र्यांच्या शाळेत शिकवू लागली, इथवर सगळं शोभेसं होतं. मग 1940 मध्ये 'लपंडाव' आला आणि मास्तरीणबाई पडद्यावर गेल्या. दुर्गाबाई खोटे 'अयोध्येचा राजा'त तारामती झाल्या, त्याला नऊ वर्षं होत आली. पण ते मुंबईत, दुसऱ्याच्या घरचं!

बाड्याकडे, लष्करातल्या मोठ्या चौकाकडे, चालत जा, तिकीट काढून आत बसा. सोहराब मोदींचा पोरस बोलतो तेव्हा बाकडं थरथरतं. सिकंदर झालेले पृथ्वीराज कपूर चिलखतात उभे. आणि सिकंदरची प्रेयसी रुख्साना येते, म्हणजे आपली वनमाला. चित्र काळंपांढरं, तरी डोळे घारे आहेत हे कळतंच. सिकंदर जिंकायला निघालाय. ही एकटी पोरसापुढे जाते, त्याच्या हाताला राखी बांधते आणि सिकंदरचा जीव मागून घेते. तुमच्या शेजारचे गृहस्थ पुढे झुकून बघताहेत. दिवे लागताच मात्र टोपी सावरतात आणि कुणाकडे न बघता बाहेर पडतात.

पानाच्या टपरीवर आणखी एक गोष्ट कानी येईल: लेकीला पडद्यावर पाहून वडिलांनी भर खेळात बंदूक काढली आणि पडद्यावर गोळी झाडली म्हणे. खरं-खोटं करत बसू नका. ही गोष्ट वनमालाबाईंच्या नावाला पुढे जन्मभर चिकटून राहणार आहे, एवढं ध्यानात ठेवा.

आता बारा वर्षं ओलांडा. 1953. तीच गल्ली. संस्थान गेलं, मध्य भारत झाला. साने गुरुजींच्या 'श्यामची आई' या पुस्तकावर अत्र्यांनी चित्रपट काढलाय. श्यामच्या भूमिकेत माधव वझे नावाचा लहान मुलगा; आईच्या भूमिकेत वनमाला. साधं लुगडं, थकलेला चेहरा, मायेत लपलेला धाक. लोक पदराने डोळे पुसत घरी येताहेत. पुढल्या वर्षी राष्ट्रीय पुरस्कार सुरू होतील आणि राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक 'श्यामची आई'लाच मिळेल.

नीट बघा, बाई तीच आहे. अभिनयही तोच, पिकलेला. बदललंय ते पात्र. राखी बांधून प्रियकराला वाचवणारी तरुणी गावाला नको होती. मुलाच्या पायाला घाण लागू नये म्हणून पदर पसरणारी आई हवी होती.

पुढे वनमालाबाई चित्रपट सोडून वृंदावनाकडे, भक्तीकडे वळल्या. 29 मे 2007 रोजी, वयाच्या ब्याण्णवाव्या वर्षी, त्या ग्वाल्हेरातच गेल्या.

परतीच्या टांग्यात बसण्याआधी एक काम करा. 1941 च्या त्या काळोखात पुन्हा शिरा आणि रुख्साना पडद्यावर आली की टाळी वाजवा. 'श्यामची आई'ला ती मिळाली. नटीला मिळायची राहिली आहे.